एक जानेवारीचे फागू

कलावंत मानधनाच्या फायली
पंचायत समितीच्या मागच्या खोलीत माझ्याकडे आल्या,
तेव्हा फागू निकुरे एकच होता.
वय एकोणसत्तर, वय ब्याऐंशी, आणि मयत.
दोन पानांवर सही, तिसऱ्यावर अंगठा.
खडीगंमतीत नाच्या, नाटकाला पेटीवर,
दंडारीत सोंगाड्या,
आणि सत्त्याऐंशीच्या मंडईत एकाच रात्री
सावरगावात आणि पळसगावात.
मधे बारा कोस आणि वैनगंगा.

साहेब म्हणाले, मोठा कलावंत दिसतो.
मी म्हटलं, मोठा नाही सर, जास्त आहे.

सुतळी सोडली.

फागणात जन्मला तो फागू.
आमच्याकडे नाव ठेवायला पंचांग लागत नाही,
बांधावरचा पळस पेटला की झालं.
आधारावर मात्र तिघेही एक जानेवारीचे,
कुण्या ऑपरेटरच्या घाईत जन्मलेले.

वडशाला गेले. छापखाना बंद पडलेला,
म्हाताऱ्या मालकानं खिळ्यांचा खण ओढला.
"फागूचा ठोकळा एकच होता, बाई.
नाकात नथ, डोईवर पदर.
ज्याचा खेळ, त्याच्या हँडबिलात तोच लावत होतो.
पेटीवाल्याच्याही.
लोक का तोंड पाहून येत?"
जस्ताचा तो चेहरा मी तळहातावर घेतला.
उलटा. झिजलेला.
गालावर वाळल्या शाईचा तीळ,
जो तिघांपैकी कोणालाच नव्हता.

पेटीवाला सुटला बायकोमुळे.
बायजाबाईनं फोटो डोळ्यांशी नेला,
चेहऱ्याकडे पाहिलंच नाही, पाय पाहिले.
"हा माज्या घरचा नाई वो.
त्याची करंगरी वाकडी होती,
बैलाचा खूर पडला होता."
पेटी अजून आहे. भात्याला आतून
तिच्याच लुगड्याचा तुकडा डकवलेला.
तो गेला त्याला बारा वर्षं झाली.
मानधन मेल्याचं चालू, जित्याचं बंद.
ते पैसे कोण उचलत होतं
हे तिला विचारायचं होतं. मी पाणी मागितलं.

सोंगाड्या आपणहून आला, सायकलवर,
हँडलला धानाच्या लोंबीचा झुपका.
"मी मेलो म्हनून लिवलं हाय म्हनते,
तर मरून दाखवू का?"
आणि दाखवलं. खुर्चीतच, मान टाकून,
एक डोळा अर्धा उघडा.
शिपाई चहा सांडून पळाला.
तीन मिनिटांनी मयत उठला
आणि म्हणाला, अर्ज कुठी देवाचा?

राहिला एक कागद.
"उत्कृष्ट स्त्रीभूमिका, मंडई, पळसगाव,
श्री. फागू निकुरे यांस."
कोपरा उंदरानं खाल्लेला.

तो घेऊन नाच्याकडे गेले. ब्याऐंशीचा.
छपरीत खाटेवर, कानाची भोकं लोंबलेली,
मला पाहून पदर सारखा करावा
तसा हात खांद्याशी गेला, तिथे टॉवेल होता.
"त्या राती मी तापानं फनफनत होतो.
माजं लुगडं नेसून तो दंडारीवाला गेला.
बक्षीस त्याचं."

सोंगाड्याकडे गेले.
तो पहिल्यांदा हसला नाही.
"लुगडं त्याचं, घुंगरू त्याचे.
बाया रडल्या त्या त्याच्या गान्याले.
मी निस्ता अंदर होतो."

तीनदा गेले दोघांकडे, उन्हातान्हात, स्कूटीवर.
कागद प्रत्येक वेळी माझ्यासोबत परत आला.

आता तीन फायली आहेत, तीन सुतळ्या.
कॉम्प्युटरनं तिघांना तीन क्रमांक दिले.
प्रमाणपत्र माझ्या खणात.
त्यावरचं नाव अगदी बरोबर आहे,
जावक बारनिशीत मात्र त्याला रकाना नाही.

छापखानेवाल्यानं तो ठोकळा मलाच देऊन टाकला.
वीज आली, पंखा फिरला,
की कागदांवर ठेवते:
नथ उजवीकडे, तोंड उलटं,
खालचं पान कोणाचंही असो.