खरं

अर्ज निळ्या शाईत होता, वहीच्या पानावर.
वैजू बिर्जे, मुक्काम गर्लगुंजी,
एकाच गाडीचे मालक. गाडीचं नाव ‘मळेकरणी प्रसन्न’.
पानाच्या कोपऱ्यावर कुणाच्या तरी चहाच्या कपाचं कडं,
आवक शिक्का अकरा महिन्यांपूर्वीचा.

‘फाट्यावर माझी वेळ सात चाळीस आहे खरं
हुद्दारांची गाडी सात छत्तीसला येते
नि सगळी माणसं उचलून नेते.
मला उरतात अर्ध्या तिकिटाची पोरं
नि भाजीची पाटी टपावर चढवा म्हणणारी एक म्हातारी.
मी काय म्हणालालोय ते तरी वाचा की.’

आमच्याकडं खरं म्हणजे पण.
येतो खरं उशीर होईल.
जेवलो खरं भूक आहेच.
माझ्या आधी या खुर्चीत बसलेला माणूस लांबचा,
शब्दकोश उघडून काम करणारा, प्रामाणिक.
त्यानं कानडीत लिहिलं:
अर्जदारास आपली वेळ सात चाळीस असल्याचे सत्य मान्य आहे.
मान्य आहे, मग तक्रार कसली?
फाईल बंद.
कुणीही लबाडी केली नव्हती.

नवे सचिव कट्टीमनी धारवाडकडचे.
मी भीतभीत सांगितलं, साहेब, एक शब्द चुकलाय.
ते थांबले. मग हसले.
‘आमच्या कानडीतही खरे म्हणजे तेच की.’
नि हसणं आवरून म्हणाले,
‘अकरा महिने रोज सकाळी हा माणूस चार मिनिटं हरतोय.
दोघांनाही बोलवा.’

दोघंही आले. बाक एकच होता.
बसलिंग हुद्दारांनी प्लास्टिकच्या पिशवीतून परवाना काढला.
सात छत्तीस. आमचाच शिक्का, आमचीच सही.
बिर्जेंच्या परवान्यावर सात चाळीस. तोच शिक्का.
एक वेळ इदलहोंडचं फाटक उघडं धरून काढलेली,
दुसरी फाटक बंद धरून,
दोन्ही पंख्याखाली बसून.
वर्षभर एकमेकांना चोर म्हणणारी दोन माणसं
हळूहळू आमच्याकडं बघायला लागली.
मी टाचण्यांची डबी उगाच सरळ केली.

साहेब तीन सकाळी फाटकापाशी जाऊन उभे राहिले.
सरकारी गाडी नाही, कानटोपी, हातात घड्याळ.
मालगाडी गेली की किती वेळानं दांडा उठतो ते लिहिलं.
‘मळेकरणी’ खानापुरात केळीच्या घडांसाठी
सात मिनिटं खोळंबते, तेही लिहिलं.
बिर्जेंनी हे अर्जात लिहिलं नव्हतं.

निकाल दीड पानाचा.
दोन गाड्यांत बारा मिनिटांचं अंतर.
पहिली पाळी एक महिना याची, एक महिना त्याची.
केळी थांब्याच्या वेळेतच चढवावीत.
आणि खाली, टंकलेखकानं दोनदा विचारून घेतलेली ओळ:
मूळ चूक या कार्यालयाची आहे.

बिर्जेंना कायमची पहिली पाळी हवी होती.
मी निकाल मराठीत वाचून दाखवला.
पुन्हा वाचा म्हणाले. पुन्हा वाचला.
केळ्यांपाशी कान खाजवला,
चुकीच्या ओळीपाशी चष्मा काढून पुसला.
नक्कल चार घड्या करून बनियनच्या खिशात घातली
आणि दारापर्यंत जाऊन वळले.

‘निम्मं माझ्या विरुद्धच गेलंय खरं’

एवढंच म्हणाले. पुढं काहीच नाही.
जिन्यावर त्यांच्या चपला वाजत राहिल्या.
पण म्हणाले, की सत्य,
हे मला कुणी कानडीत मागितलं नाही
आणि मीही कुठं लिहून ठेवलं नाही.