नदी आला

तीन लग्नांचे अल्बम अडकलेले असताना
खेमराज रोकाया काउंटरवर काठी टेकवून म्हणाला,
"भाऊ, रात्री तुमचा कॉम्प्युटर झोपतो ना?
मला द्या."

मूळचा जुमल्याचा. गंगापूर रोडच्या सोसायटीत
रात्रपाळी, साडेआठ हजार, वर दिवाळीला स्वेटर.
पहिली फिल्म मोबाइलवर: अकरा मिनिटं
पार्किंग, एकशेचार गाड्यांवरचं दव,
आणि शिट्टी.
ती कशाला वाजवतोस रे, मी विचारलं.
चोराला कळायला पाहिजे मी कुठे आहे.
मग तो दुसरीकडे जातो. दोघांचं भागतं.

दुसरीत मोहाडीचं पॅकहाउस.
घडातले खराब मणी कातरणाऱ्या बायकांची
फक्त बोटं.
सुपरवायझर म्हणाला, चेहरे का नाहीत?
पेटीवर तरी कुठे असतात, साहेब.

तिसरी अर्धीच राहिली. पैसे बायकोच्या ऑपरेशनला गेले.
तिचं थोडं फुटेज आहे माझ्याकडे:
सिव्हिलच्या जिन्यात बसून केस विंचरते,
पुढे काही नाही.
ते कापू नका म्हणाला. नाही कापलं.

त्याच्या मराठीत सगळेच पुल्लिंगी.
भाकरी संपला. थंडी वाजला. आई फोन केला.
चौथ्या फिल्ममध्ये धरणातून पाणी सुटतं,
दुतोंड्या मारुतीच्या छातीपर्यंत चढतं,
आणि मागून त्याचाच आवाज, हळू:
"नदी आला."
मी टाइमलाइन थांबवली. दुरुस्त करू का?
तो बराच वेळ पडद्याकडे बघत राहिला.
"राहू दे. तो मला ओळखतो."

फेस्टिव्हलच्या फॉर्मवर देशाचा रकाना होता.
त्याने नाशिक सांगितलं. यादीत नाशिक नव्हतं.
मी माउस धरून बसलो,
तो चहा आणायला गेला तो अर्ध्या तासाने आला,
तोवर मुदत संपली होती.
आम्ही दोघांनीही हळहळ दाखवली.

शेवटी सोसायटीच्या क्लबहाउसमध्येच लावली,
गणपतीनंतरच्या रविवारी.
सव्वीस खुर्च्या, अकरा माणसं,
त्यांतली दोन स्वतःची गाडी दिसते का बघायला आलेली.
चेअरमन बोलले, आपल्या गेटवर डायरेक्टर आहे,
टाळ्या झाल्या,
मग म्हणाले, खेम, तेवढ्या खुर्च्या उचलून घे.

त्याने उचलल्या. मीही उचलल्या.
एक मोडकी निघाली.
ती त्याने बाजूला ठेवली, केबिनसाठी.