पंखा बंद करून

चोपड्यात, बियाण्याच्या दुकानावरच्या खोलीत
भिंतींना गाद्या टांगल्यात.
स्टुडिओ म्हणायला मीही लाजतो;
बिलावर मात्र तसं छापलंय.

बाविस्करने पाठवलेला तुकडा दोन मिनिटं चाळीस सेकंदांचा:
एक बाई पिठाच्या गिरणीचा पट्टा उतरवते,
गुंडाळते, खुंटीला अडकवते, दिवा मालवते.
बस. त्यापुढे सिनेमाही फारसा नाही,
आणि पैसे तर त्याआधीच संपलेले.

मी की-बोर्डवर अकरा चाली केल्या.
सगळ्या त्या बाईला आधीच सांगत होत्या
की तिला वाईट वाटतंय.

मग गुलाब पिंजारींना बोलावलं.
चाळीस वर्षं वरातीपुढे क्लॅरिनेट.
आल्या आल्या गादी चिमटीत धरून म्हणाले,
कापूस चांगला, पण पिंजलाय मशीनवर.
बापाच्या धनुकलीची तात
अजून कानात असावी;
एका बोटाने हवेतच छेडली.

स्क्रीनकडे बघत राहिले.
"नवरदेव कोठे शे?"
नाही.
"मयत शे का?"
तेही नाही.
"लगीनना रेट येगळा, मयतना येगळा. हाई काय शे?"
मला सांगता येईना.
"मंग चहा पाज."

एप्रिल. पंखा बंद केला,
नाहीतर माईकात तोच वाजतो.
पहिल्या टेकला ते बाईच्या पुढे पळाले,
वरात ओढून नेणाऱ्याची सवय.
दुसऱ्यात तर घोडाच नाचला.
तिसऱ्याला घाम पत्तीपर्यंत उतरला,
ओठ घसरले, ते थांबले,
आणि पहिल्यांदा तिच्या हातांकडे बघितलं.
मग पट्टा जितका सैल होई
तितकाच श्वास सोडत गेले.

दिवा मालवला. पडदा काळा.
ते वाजवतच होते, एकच सूर,
डोळे मिटून. त्यांना कोण सांगणार?

चार सेकंद जास्त झालेत, मी फोनवर म्हटलं,
कापून देतो.
बाविस्कर बराच वेळ काही बोलला नाही.
मग म्हणाला, राहू दे,
काळोख लांबवतो.

खाली गुलाबकाका
सरकीच्या पोत्यावर बसून पत्ती पुसत होते.
मी पंखा लावला.
गाद्यांतून कोंडलेला कापूस हलला.
रेट अजून ठरायचाय.