तीन आकडे

दुकानात भिंतीला टेकून पोती उभी असतात,
पहिल्या पाळीची माणसं दारात उभी असायची तशी,
आणि प्रत्येकाच्या पोटावर छापलेले तीन आकडे.

आकडे मला नवे नाहीत.
झाब्जेच्या खाणीत सव्वीस वर्षं मी दिवेघरात होते.
झरोक्यातून पितळी बिल्ला आत यायचा,
मी तो खिळ्याला अडकवायचे, दिवा बाहेर सरकवायचे.
चेहरा नंतर. आधी नंबर.
चारशे बारा म्हणजे गेरार्ड, खोकला
आणि खिशात कबुतरांसाठी मूठभर मटार.

पण हे आकडे कोणाचे?

गेल्या वर्षी मी पहिला आकडा बघून पोतं उचललं,
सगळ्यात मोठा होता म्हणून.
टोमॅटो माझ्या डोक्यावर गेले.
काय ती पानं! शेजारची एरिका कुंपणाशी येऊन बघून गेली.
ऑगस्ट संपला तरी फळं मोजून चार.
अंगापेक्षा बोंगा मोठा.

दुकानातला पोरगा क्सावेरी, कानात बाळी, नखांत माती,
त्यानं यंदा नीट सांगितलं:
पहिला आकडा पानांचा, दुसरा मुळांचा,
तिसरा फुलाफळांचा.
मग विचारलं, "आजी, माती कशी आहे तुमची?"

माती!
रेल्वेच्या रुळांमागची, खाणीच्या राडारोड्यावर पसरलेली,
कुदळ मारली की अजून काळी चमक वर येते.
म्हटलं, "घरच्या शेगडीची राख टाकू का?
फुकट आहे, ढीगभर आहे."
"लाकडाची असेल तर टाका," तो म्हणाला, "थोडीशी.
कोळशाची मात्र नको. विषारी असते."

मी काही बोलले नाही.
ज्या कोळशानं आमची तीन पोरं वाढवली
त्याची राख एका टोमॅटोला चालत नाही.
असू दे. कोळशानं कधी म्हटलं होतं,
की मी सगळ्यांनाच चालतो?

संध्याकाळी बागेत गेरार्डला सांगितलं.
तो हसला, मग खोकला, मग परत हसला.
"पोतं कशाला? वर बघ."
खुराड्याच्या छपरावर त्याची चाळीस कबुतरं
खाली बघत होती, मीच त्यांची भाडेकरू असल्यासारखी.
त्यानं फावड्यानं विष्ठा खरवडली,
झाकणाच्या पिंपात भरली.

मी लगेच हात घातला.
त्यानं मनगट धरलं.
"ताजी नाही घालायची. ही आग आहे.
मुळं जाळून टाकेल.
पेंढा मिसळ, भिजव, झाकून ठेव.
पुढच्या वसंतात बघू."

पुढच्या वसंतात.
तो एक्क्याऐंशीचा, मी एकोणऐंशीची.
त्याच्या छातीत खाणीची निम्मी धूळ अजून बसून आहे,
आणि हा माणूस मला
कबुतरांच्या विष्ठेसाठी वर्षभर थांब म्हणतो!

मग त्यानं खिशातून काढला तो पितळी बिल्ला.
खाण बंद झाली तेव्हा कोणीच परत मागितला नव्हता.
चारशे बारा.
पिंपाच्या कडीला तारेनं बांधला.
"हा इथे आहे तोवर माल खाली आहे.
वर आला की मला दे."

पाळी संपली तरी खिळ्यावर एखादा बिल्ला लटकत राहायचा,
तेव्हा मी दिवेघरातून घरी जायचे नाही.
दिवे पुसत बसायचे.
पुसलेलेच परत पुसायचे.

आता रोज सकाळी पिंपाकडे बघते.
वास येतो, माश्या येतात, एरिका नाक मुरडते.
बिल्ल्यावर दव असतं.

तोवर यंदाची रोपं काही थांबणार नाहीत.
परत दुकानात गेले,
तिसरा आकडा मोठा असलेली पिशवी निवडली, दोन किलोची,
चष्मा पुसून दोनदा वाचून.
क्सावेरीनं ती सायकलला बांधून दिली
आणि सांगितलं, "पाकिटावर लिहिलंय त्याच्या निम्मीच घाला."