मधात तीन फूट

जिनिंगच्या मागच्या भिंतीवर गेरूची रेघ बाबांनी मारली.
जाळी तीन फुटांची असते असं कोणीतरी सांगितलं होतं
आणि बाबांपाशी गठाणी मोजायची लोखंडी पट्टी होती.
बाकी सारं त्या भिंतीनंच शिकवलं माझ्या बहिणीला.
चेंडू नागपूरच्या क्लबातून यायचे, टाकून दिलेले, टकले;
उडती रुई चिकटली की
दोन-तीन दिवस पुन्हा नव्यासारखे दिसायचे.

फुलझेला टेकाम.
हे नाव कुठल्याच अंपायरला जमलं नाही.
ताश्कंदला फुजेला, अंताल्याला फल्झा,
एका गावात तर नुसतंच टेकाम,
चपराश्याला हाक मारावी तसं.
अकरा वर्षं फिरली ती.
काय पाहिलं विचारलं तर म्हणायची, बेसिन.
हॉटेलातल्या बेसिनमध्ये मोजे धुवायचे,
दिव्यावर वाळवायचे,
बॅग तेवीस किलोच्या आत ठेवायची.
अजूनही माझ्या वजनकाट्यावर येऊन बसते
आणि लांबून बंडी येताना पाहून सांगते, साडेनऊ क्विंटल.
चार-पाच किलोंचा फरक पडतो.

टीव्हीवर ती एकदाच आली.
सरपंचाच्या ओट्यावर सारं गाव,
आणि बाबा खुर्चीत. त्या ओट्यावर पहिल्यांदा खुर्चीत.
कॅमेरा तिच्या मागं होता, म्हणून पाठमोरीच दिसली,
वेणी इकडून तिकडे गेली, परत आली,
आणि लाईन गेली.
बाबांनी लोडशेडिंगचं पत्रक पाहून ठेवलं होतं,
बुधवारी संध्याकाळी जायची नव्हती.
दोन तासांनी आली तेव्हा
कुठल्यातरी शहरात माणसं पोहत होती.

रात्री एसटीडीवर फोन आला.
सहा-शून्य, सहा-एक.
बाबांनी विचारलं, "एक म्हंजे किती?"
पलीकडे बराच वेळ खरखर.
"चार खेपा तिच्याकडून चेंडू वापस नाही आला, बाबा."
सकाळी गावात बाबांनी तेवढंच सांगितलं.
गावाला ते पुष्कळ वाटलं.

तिचा सगळ्यात वरचा नंबर चारशे अठरा.
त्या आठवड्यात ती घरीच होती,
गुडघ्याला प्लास्टर, खाटेवर, तोंडावर रुमाल.
वरच्या दोघींचे जुने गुण गळाले
आणि ही झोपल्या झोपल्या वर गेली.
त्यानंतर उठली, खेळली, आणि उतरत गेली.

गेल्या सव्वीस जानेवारीला शाळेनं बोलावलं.
मुख्याध्यापक माईकवर म्हणाले,
टेबल टेनिसच्या आंतरराष्ट्रीय खेळाडू.
तिनं शाल घेतली, नारळ घेतला,
पोरींच्या गळ्यात मेडलं घातली.
घरी येऊन म्हणाली,
"टेबल तं टेबल. चहा बाकी चांगला होता."

यंदा जिनिंग विकली गेली.
नव्या मालकानं भिंतीला चुना मारला, रेघ गेली.
परवा ती वाटीत गेरू कालवून घेऊन गेली.
गुडघा वाकत नाही म्हणून कमरेतून वाकून,
एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत,
पट्टी न लावता.

मी मागून पाहत होतो.
"मधात झुकली तुझी रेघ," म्हटलं.
"झुकतेच. मधात तीन फूट, खांबापाशी साडेतीन."
बाबांची पट्टी आणून मोजली मी.
तीन. साडेतीन. दुसऱ्या बाजूला अर्धा इंच कमी.
"बाबाची पार सरळ होती," ती बोट पुसत म्हणाली,
"म्हून बाजूच्या रेघेवरून मारलेला माझा चेंडू
नेमका जाळीत जाये. उमर गेली ते सवय मोडता मोडता."
"बाबाले सांगितलं होतं तू?"
तिनं माझ्याकडे असं पाहिलं
की मी पट्टीच गुंडाळायला लागलो, लोखंडाची.

मग ती डाव्या कोपऱ्यात जाऊन उभी राहिली,
भिंतीला आडवी, एक पाय जपून.
चेंडू कोरा होता.
रुई उडायला अजून पंधरा दिवस होते.