काऊन

हेडविग टॉर्नो, तुमचं नाव
पडद्यावर दीड सेकंद टिकतं.
मी थांबवून वाचते,
प्रतापनगरात, मे महिन्यात,
कूलरची मोटर घरघरत असताना.

एकतीस वर्षं लिहिलंत तुम्ही:
आधी पोलिसांची मालिका, मग दवाखान्याची,
मधे दोन सिनेमे,
त्यातला एक कुणी पाहिलाच नाही म्हणे.
आता कुठल्याशा खेड्यात मधमाश्या पाळता.
तुमच्या बंदरावरचा बर्फ
मी इथे खसाच्या वासात मराठी करते,
ओठांची हालचाल मोजून.

सातव्या भागात ती बाई
नवऱ्याच्या प्रेताशी बसून
एवढंच विचारते, "वारूम?"
मी लिहिलं, "काऊन?"
माप बरोबर बसलं.
मुंबईहून फोन:
मॅडम, हे विनोदी वाटतं. "का" करा.

मामा गेला तेव्हा
मेडिकलच्या व्हरांड्यात
आई हेच म्हणाली होती, भिंतीला.
कोणी हसलं नव्हतं बाप्पा.

मी "का" केलं. पैसे वेळेवर आले.
माझं नाव कुठेच नाही, ते ठीक.
पण ती बाई आता "का" म्हणते
आणि आवाज संपल्यावरही
तिचं तोंड
पाव सेकंद
हलत राहतं.