उदबत्ती

परभणी. मे. रात्रीचे दोन.
बँकेच्या मागच्या खोलीत दोन एसी अठरावर,
तरी तिसऱ्या रॅकच्या कपाळावर लाल दिवा.
मी पुण्याला फोन लावत होतो,
गौसभाईंनी थांबवलं,
धुराची घंटी बंद करायला लावली
आणि वरच्या खिशातून काढली उदबत्ती.

"हवा दिसत न्हाई ना साहेब, मग तिला धूर पाजायचा."

चवड्यांवर बसून त्यांनी ती रॅकसमोर धरली.
धूर जाळीत शिरला, ठीक,
मग एका रिकाम्या खणातून
मागची झळ घेऊन परत पुढं आला,
चष्मा विसरलेल्या पाहुण्यासारखा.

"गारवा कमी न्हाई. वाट फुटलीय."

सोयाबीन बियाण्याचं खोकं कापलं,
तीन खण बुजवले,
वायरींच्या भोकात पोतं कोंबलं.
तेहतीस. एकतीस.
मग बराच वेळ एकतीसच.
चहाला उठलो तेव्हा सव्वीस.

बाहेर, भिंतीमागं, पंखे घरघरत होते.
उरलेलं बोटभर थोटूक मी सहज तिथं धरलं:
धूर आडवा झाला
आणि नीट गेला मुंजाजी वॉचमनच्या खाटेवर,
जिथं ओला करून तोंडावर घेतलेला पंचा
वाळून पापड झाला होता.

गौसभाई काही बोलले नाहीत.
पायथ्याकडून ते, उशाकडून मी,
खाट उचलली, लिंबाखाली नेली.
मुंजाजी जागा झाला नाही.
कूस बदलत झोपेतच म्हणाला,
"दार कुणी उघडलं?"